आईच्या ओठांवरचं वाक्य

माझी मावशी आमच्याकडे राहायला आली ती बाबांचा आवाज होण्यासाठी. बाबांच्या घशाचं ऑपरेशन झालं, डॉक्टरांनी स्वरयंत्र काढून टाकलं, आणि घाऊक भाजीबाजारात लिलाव पुकारून ज्यांनी आयुष्यभर बाजार डोक्यावर घेतला होता, ते पलंगावर पडून नुसते ओठ हलवायला लागले. सुरुवातीला आम्ही त्यांना पाटी-पेन्सिल दिली होती. पण बाबांना लिहिण्याचा मुळातच कंटाळा, त्यातून हात थरथरायचे. दोन अक्षरं धड उमटली की तिसरं घसरायचं आणि पाटी जमिनीवर आपटायची. दुसरी पाटी फुटली तेव्हा आई तुकडे गोळा करत म्हणाली, "आता ताईलाच बोलावते. तिला ओठ कळतात."

मावशीला ओठ कळतात हे घरात सगळ्यांना ठाऊक होतं, पण त्याचा कधी कुणाला उपयोग होईल असं वाटलं नव्हतं. ती कापडगिरणीत मागावर होती. अगदी तरुणपणी लागली ती गिरणी बंद पडेपर्यंत. मागखात्यात सगळे माग एकदम चालायचे, धोटे इकडून तिकडे आपटायचे, आणि त्या खडखडाटात शेजारणीनं कानाला तोंड लावून बोंब मारली तरी ऐकू यायची नाही. मग तिथल्या बायका आवाज काढायच्या भानगडीतच पडायच्या नाहीत. ओठ मोठे मोठे करून, तोंड नीट फिरवून बिनआवाजी बोलायच्या. या भिंतीजवळची बाई त्या भिंतीजवळच्या बाईला सासूचं गाऱ्हाणं सांगायची आणि मधल्या सगळ्यांना ते दिसायचं.

म्हणून त्यांचा एक दंडक होता. आपल्याशी नसलेलं बोलणं नजरेला पडलं, तर डोळे खाली आपल्या कापडावर घालायचे. दिसलंच, तरी उचलायचं नाही. फाटकाबाहेर तर मुळीच न्यायचं नाही. एका बाईनं एकदा नेलं होतं म्हणे. कुणाच्या नवऱ्याबद्दलचं काहीतरी होतं. दुसऱ्या दिवसापासून तिच्याकडे बघून कुणी ओठ हलवले नाहीत. त्या गोंगाटात पाळी संपेपर्यंत कुणी आपल्याशी बोलतच नाही, म्हणजे काय होत असेल त्याचा विचार करा. महिनाभरात ती बाई काम सोडून गेली.

गिरणीतून घरी आल्यावर मावशी आवाज लावायला विसरायची. माझ्या लहानपणी ती आमच्याकडे यायची, पाटावर बसायची आणि आईला काहीतरी रंगवून सांगायला लागायची, हातवारे, भुवया, सगळं जोरात, आणि ऐकू काहीच नाही. "आवाज, ताई, आवाज!" आई ओरडायची. मग मावशी दचकून घसा खाकरायची आणि एकदम ठणाणा बोलायची, कारण कान तर मागांच्या आवाजानं केव्हाच अर्धे गेले होते. बाबा हसून हसून बेजार व्हायचे. तिचा नवरा लवकर गेला, मूलबाळ नव्हतं. गिरणी बंद पडल्यावर ती एका खोलीत राहून शिलाईच्या दुकानासाठी काज-बटणं करायची. तिची कुणाकडे तक्रार नव्हती, निदान आवाज लावून केलेली तरी नव्हती.

तिच्याबरोबर रस्त्यानं जायची मला कोण हौस. काचेच्या आत बसलेली माणसं, समोरच्या गच्चीवरची जोडपी, बंद गाडीत भांडणारे नवरा-बायको, या सगळ्यांचं बोलणं हिला दिसतं, या कल्पनेनंच माझ्या जिवाला चैन पडत नसे. "सांग ना, मावशी, ते दोघं काय म्हणतायत?" मी तिचा हात ओढायची. "मला काय ठाऊक," ती म्हणायची आणि पुढे चालायला लागायची. समारंभात गेली की खुर्ची फिरवून भिंतीकडे तोंड करून बसायची. लोक म्हणायचे, भारी शिष्ट आहे. मला तर तिचा रागच यायचा. एवढी दौलत हाताशी असून बाई खर्च करत नाही म्हणजे काय! माझ्याकडे ती कला असती तर मी अख्ख्या गल्लीच्या बातम्या वाटल्या असत्या. बोलण्यात मी बाबांची मुलगी. पाणीपुरवठ्याच्या कचेरीत फोनवर तक्रारी घेते, दिवसभर बोलते, घरी येऊन उरलेलं बोलते.

मावशी राहायला यायच्या आधी बाबांचा आजार उलटला, तेही तिलाच आमच्याआधी कळलं. आम्ही तिघी दवाखान्याच्या बाकावर बसलो होतो. काचेच्या दारापलीकडे डॉक्टर फिल्म उजेडाकडे धरून दुसऱ्या डॉक्टरांशी बोलत होते. मी आईला काहीतरी गमतीचं सांगत होते. मावशी एकदम उठली आणि म्हणाली, "चला, आधी चहा पिऊन येऊ. इथं काय नुसतं बसायचं." खाली उपाहारगृहात तिनं आईला आग्रह करून बिस्किटं खायला लावली, स्वतःच्या पदरचे पैसे दिले. आई हसत होती, कुठल्याशा जुन्या गोष्टीवरून. वर आलो तेव्हा डॉक्टरांनी आत बोलावलं आणि सांगितलं. मला नंतर उमगलं तेव्हा मी मावशीवर तडकले. "तुला ठाऊक होतं! सांगितलं का नाहीस?"

"सांगायचं काम त्यांचं होतं," ती म्हणाली. "मी आधी सांगितलं असतं तर तेच ऐकलं असतं. फक्त चहा गेला असता."

तर अशी ही बाई बाबांच्या उशाशी स्टुलावर येऊन बसली. पलंग खिडकीकडे वळवून घेतला, त्यांच्या तोंडावर उजेड पडेल असा. बाबा ओठ हलवायचे, मावशी तिच्या त्या मोठ्या सपाट आवाजात सांगायची, "उशी वर करा म्हणतात. खिडकी लावा म्हणतात. भाजी अळणी झालीय म्हणतात." पहिल्या आठवड्यात घरात पुन्हा बाबांचा आवाज आल्यासारखं झालं. आईच्या चेहऱ्यावर रंग आला. ती बाबांशी पूर्वीसारखी वाद घालायला लागली, आणि वाद घालताना बाबांकडे बघून बोलायची नि उत्तरासाठी मावशीकडे बघायची. त्या दोघांचं सगळं आयुष्य असंच गेलं होतं. ते बाजारासारखे ओरडायचे, ही त्यांच्या वरताण. कौतुकाचा शब्द बाबांच्या तोंडून कधी निघाला असेल तर तो वांग्यांबद्दल. आई ते हसण्यावारी न्यायची, पण एकदा भाकरीच्या तव्यावरून नजर न काढता मला म्हणाली होती, "एकदा म्हणायला काय जातं ग माणसाचं, की तू होतीस म्हणून झालं सगळं."

हळूहळू माझ्या लक्षात आलं, की मावशी सगळं सांगत नाही. बाबांचे ओठ पाच मिनिटं हलायचे, कपाळावरच्या शिरा तट्ट फुगायच्या, आणि मावशी म्हणायची, "पाणी हवंय म्हणतात."

"एवढ्या वेळात नुसतं पाणी?" मी म्हणायची.

"बाकीचंही पाण्याबद्दलच होतं."

मला हसू यायचं. शिव्या गाळते हे कळत होतं, आणि बाजारातल्या माणसाच्या शिव्या गाळल्या तर पाणीच उरणार. बाबांनाही ते चालत असावं. कधीकधी शिव्या देऊन झाल्यावर ते मावशीकडे असे बघायचे, की बघू आता ही काय सांगते.

मग ती दुपार आली. बाबांचा श्वास सकाळपासून बदलला होता. डॉक्टर येऊन गेले, आता काही करायचं नाही म्हणाले. आई पलंगाच्या पायथ्याशी बसून त्यांचे पाय चोळत होती, मावशी स्टुलावर, मी दाराशी. बाबांनी डोळे उघडले. सरळ आईकडे बघितलं आणि ओठ हलवायला लागले. ऑपरेशनपासून त्यांच्या तोंडाची डावी बाजू उतरलेली होती, त्यामुळे शब्द उजवीकडून निघाल्यासारखे दिसायचे. वाक्य पुरं केलं. थांबले. पुन्हा तेच केलं, सावकाश, जणू समोरच्याला ऐकायला कमी येतं.

"काय म्हणतात ग, ताई?" आईनं विचारलं. तिचा आवाज मी विसरणार नाही. आयुष्यभर दुकानाबाहेर उभी राहिलेली बाई एकदाची आत शिरावी तसा होता.

मावशीला क्षणभर उशीर झाला. मग म्हणाली, "झोप येतेय म्हणतात." आणि लगेच आईला, "छोटे, तू जरा बाहेर बसतेस का? त्यांना निवांत पडू दे."

"मी कुठं गडबड करतेय? बसते इथंच."

"सकाळपासून बसलीयेस. पाठ टेकून ये जरा."

"नको ग. आता यांना सोडून कुठं जाऊ?"

बाबांनी मान भिंतीकडे वळवली. थोड्या वेळानं श्वास थांबला. आईचे हात त्यांच्या पायांवरच होते.

माणसं येऊन गेली, पलंग घडी करून माळ्यावर गेला, मी कामावर जायला लागले. मावशी आपल्या खोलीवर परतायची तयारी करत होती, तेव्हा एका सकाळी चहा पिता पिता आई म्हणाली, "ताई, ते झोप येतेय असं नव्हते म्हणाले."

मावशीचा कप हातातच राहिला.

"झोप येतेय म्हणताना ओठ एकदाच मिटतात," आई म्हणाली. "मी आरशात म्हणून बघितलं. त्यांचे तीन-चारदा तरी मिटले होते. आणि वाक्य केवढं मोठं होतं. मला ठाऊक आहे ना, मी बघत होते. दोनदा म्हणाले. हे बघ, असं."

आणि आईनं ते केलं. मान किंचित कलती केली, तोंडाची डावी बाजू सैल सोडली, आणि उजव्या बाजूनं, आवाज न काढता, ओठ हलवले. तिला त्यातला एक शब्द कळत नव्हता. नुसता आकार तिनं पाठ केला होता, एखादं परक्या भाषेतलं गाणं पाठ करावं तसा. पण तेवढ्या क्षणापुरता तो चेहरा तिचा राहिला नाही. बाबा समोर बसले होते, आईचे केस नि आईची टिकली लावून.

मावशीनं डोळे खाली घातले. कपाकडे बघत म्हणाली, "मला नाही नीट दिसलं त्या वेळी. उजेड डोळ्यांवर होता."

"आत्ता बघ ना मग. मी करते तसंच."

"तू करतेस त्यात काही लागत नाही, छोटे."

आईनं ते मनावर घेतलं. आपल्याला नीट जमत नाही, असा तिनं अर्थ काढला आणि ती सराव करायला लागली. भाजी निवडताना, कपडे वाळत घालताना, दाराशी कुणाची वाट बघताना तिचे ओठ हलायचे. बेसिनवरच्या आरशासमोर तर ती पाव पाव तास उभी राहायची. हे असं नव्हतं, इथं जरा थांबले होते, मग पुन्हा पहिल्यापासून. जेवायला बसलं की मावशीच्या समोरची जागा पकडायची आणि दोन घासांच्या मध्ये एकदा करून दाखवायची. "आत्ता? आत्ता जुळलं का?" मावशी ताटात बघून जेवायची. जेवण तरी कसलं, चिवडत बसायची. ती निम्मी झाली. जाते म्हणाली तर आई जाऊ देईना. "तू गेलीस तर मला सांगणार कोण?"

घरात बाबांचे कपडे नव्हते, औषधांचा वास गेला होता, पण बाबा गेले नव्हते. ते आईच्या तोंडात राहायला आले होते. मी संध्याकाळी घरी यायची तेव्हा जिन्यातच जरा थांबायची. दार उघडणारी आईच असेल ना, ही शंका मनात यायची. असल्या गोष्टींवर माझा विश्वास नाही. तरी मी दार वाजवून एक पाऊल मागे सरकून उभी राहायला लागले.

मावशीचा राग यायला लागला तो वेगळाच. हिला दिसलंय आणि ही दाबून ठेवतेय, याबद्दल माझी खात्री झाली होती. आणि मला वाटत होतं, की ते नक्की काहीतरी गोड आहे. मरताना माणूस बायकोकडे टक लावून दोनदा काय म्हणेल? आई जन्मभर ज्याची वाट बघत होती, तेच म्हणाले असणार, आणि या घुमीनं आपल्या गिरणीच्या दंडकापायी ते गिळलं असणार. मी आईला सांगून टाकलं, "तू काळजी करू नकोस. मीच शिकते ओठ. मी सांगते तुला." आईनं माझे दोन्ही हात धरले. मावशी तिथंच बटणं लावत बसली होती. तिनं सुई थांबवली, माझ्याकडे बघितलं, आणि पुन्हा टाके घालायला लागली.

शिकायला मला शाळा लागली नाही. आमच्या कचेरीत काचेची खोकी आहेत, प्रत्येक खोक्यात एक जण कानाला यंत्र लावून बोलतोय. आणि सगळे दिवसभर तीच दहा-बारा वाक्यं बोलतात. पाणी कधीपासून नाही, घराचा नंबर सांगा, तक्रार नोंदवली आहे, माणूस येईल. वाक्यं ठाऊक असली की ओठ ओळखीचे होतात. मग न ठाऊक असलेलीही हाताला लागायला लागतात. समोरची बाई तक्रारवाल्याला फोनवर साहेब साहेब करते आणि यंत्र बाजूला सारून काय म्हणते, ते मला दिसायला लागलं तेव्हा मी एकटीच फिदीफिदी हसले. घरी टीव्हीचा आवाज बंद करून बसायची. महिने गेले. गंमत म्हणून सुरू केलेलं नव्हतं, पण मला त्यात गंमत वाटायला लागली होती, हे खरं.

एका सुट्टीच्या सकाळी आई आरशासमोर केस विंचरत होती. बेसिनच्या वर लहान खिडकी आहे, तिथून उजेड थेट तिच्या तोंडावर पडला होता. मी टॉवेल घेऊन मागे उभी होते, तिचं आटपायची वाट बघत. तिनं फणी ठेवली, मान कलती केली आणि सुरू केलं. मी बघायचं असं ठरवलं नव्हतं. आधी नुसतं 'बाहेर' लागलं. दुसऱ्या वेळेला त्याच्या अलीकडचं-पलीकडचं. तिसऱ्या वेळेला सगळं, सरळ, जसं कुणी कानात म्हणावं.

हिला बाहेर ने. हिचं तोंड बघत मरायचं नाही मला.

आई ते म्हणत होती. आरशात स्वतःच्या तोंडाकडे बघत म्हणत होती, हळुवारपणे, लहान मुलाला जोजवावं तशी. मग तिनं कपाळावरची बट मागे सारली आणि पुन्हा एकदा म्हणाली.

मी स्वयंपाकघरात गेले. मावशी ओट्याशी होती. माझ्या चेहऱ्याकडे बघून तिनं गॅस बंद केला. आई पलीकडच्याच खोलीत होती, म्हणून मी आयुष्यात पहिल्यांदा आवाजाशिवाय बोलले. "बाबा असं म्हणाले?"

मावशीनं मान हलवली. मग तीही तशीच बोलायला लागली, तिच्या त्या मागखात्यातल्या मोठ्या ओठांनी. घरात तिला इतकं मोकळं बोलताना मी कधी बघितलं नव्हतं. "मी तिला बाहेर काढायला बघत होते. त्यांचं मागणं तेवढंच होतं. पण ती उठेना."

"मग तिला काहीतरी गोड सांग ना! म्हण, बाबा म्हणाले तू होतीस म्हणून झालं सगळं. खोटं तर खोटं. निदान हे थांबेल!"

"ती लगेच म्हणून बघेल. ओठ जुळणार नाहीत. झोपेचं सांगून मी एकदा चुकले. तेव्हा गप्प राहिले असते तर तिनं वाक्य पाठ केलं नसतं. खोटं पकडलं म्हणून तर तिनं धरून ठेवलं."

मी मनात शब्द जुळवून बघायला लागले. कुठलंही गोड वाक्य त्या आकारात बसेना. मला बाबांचा संताप आला, इतका, की ते असते तर मी त्यांचा पलंग हलवला असता. "एवढी सेवा केली तिनं," मी म्हणाले, आणि माझा आवाज फुटला. मावशीनं पटकन माझ्या तोंडावर हात ठेवला. तिच्या हाताला कांद्याचा वास होता.

"ऐक," ती म्हणाली. "मला शब्द दिसले. सूर दिसला नाही. ओठांवर सूर नसतो. किळस येऊन म्हणाले, की हिच्यासमोर असं मरायला लाज वाटते म्हणून म्हणाले, की हिला बघून जीव निघत नव्हता म्हणून, ते मला ठाऊक नाही. तुझ्या बापालाच ठाऊक. मी तिला शब्द दिले तर सूर ती लावेल. आणि कुठला लावेल, ते तुला ठाऊक आहे नि मलाही."

मी तोंड धुतलं. आम्ही दोघींनी ठरवलं, की मला अजून ओठ येत नाहीत, असंच आईला सांगायचं. ठरवलं म्हणजे काय, मावशीनं नुसतं बघितलं आणि मी मान हलवली.

दुपारी जेवायला बसलो. आईनं दोन घास खाल्ले आणि चमचा खाली ठेवला. "काय ग, सकाळी तू माझ्या मागे उभी होतीस," ती मला म्हणाली. "मी करत होते तेव्हा आरशातून तुझ्याकडे बघितलं. तू टॉवेल धरून तशीच उभी होतीस. लागलं वाटतं काहीतरी?"

मी घास चावत राहिले.

"पुन्हा करते. नीट बघ." तिनं केलं. एकदा केलं, मग सावकाश दुसऱ्यांदा. माझ्या समोर दोन हातांवर बाबा बसले होते आणि आईला घालवून द्या म्हणत होते. आईचे डोळे मात्र आईचेच होते, माझ्यावर लागलेले.

मला नाही कळलं, एवढे तीन शब्द म्हणायचे होते. दिवसभर मी अनोळखी माणसांना माणूस येईल, माणूस येईल म्हणून खोटं सांगते, तेव्हा जीभ अडखळत नाही. त्या दुपारी ती उचललीच नाही. मी ताटाकडे बघितलं. मग पाण्याचा पेला उचलला. मग ठेवला. नळ गळत होता तेवढाच आवाज.

आई माझ्याकडे बघत राहिली. तिच्या चेहऱ्यावरचे बाबा हळूहळू गेले, डावी बाजू वर आली, तोंड मिटलं.

"गोड असतं, तर तुझ्यानं राहवलं असतं का?" ती म्हणाली. "जन्मात तुझ्या तोंडात तीळ भिजला नाही."

मावशी इतके महिने गप्प होती आणि आईला संशयापलीकडे काही कळलं नव्हतं, कारण मावशी गप्पच असते. मी घासभर वेळ गप्प बसले आणि सगळं उघडं पडलं. गप्प बसायलासुद्धा सवय लागते, ती माझ्याकडे नव्हती. मी काहीतरी म्हणायला तोंड उघडलं, तर आईनं हात वर केला.

"नको. शब्द नकोत मला. तुम्हां दोघींना कळलेत ना? तुमच्यापाशीच राहू देत."

मग ती मावशीकडे वळली. इतका वेळ कोरडी असलेली आई तिच्याकडे बघून मोडली. "आणि तुला हे रोज दिसत होतं. मी रोज तुझ्यासमोर बसून..." पुढचं तिला बोलवेना. तिनं दोन्ही हातांनी स्वतःचं तोंड झाकून घेतलं, आतून काही बाहेर पडेल अशा भीतीनं. हातांमागून म्हणाली, "मला थांबवायचंस ना ग, ताई. जेवू पण दिलं नाही मी तुला."

मावशी उठली. ताट उचलून टेबलाच्या या बाजूला आली, आईच्या शेजारी खुर्ची ओढून बसली, खांद्याला खांदा लावून, म्हणजे आता तिला आईचं तोंड दिसणार नाही. आईचे हात खाली घेऊन तिनं तिच्या हातात चमचा दिला. "जेव," म्हणाली. आवाज लावून, मोठ्यानं.

त्यानंतर आईनं ते कधी केलं नाही. आरशासमोर ती आता केस विंचरते आणि येते. कधी कधी माझ्याकडे टक लावून बघते. तिला ते वाक्य कळलेलं नाही, पण त्याचा आकार तिला अजून पाठ आहे, कुठं ओठ मिटतात, कुठं उघडतात, सगळं. आणि माझी खोड अशी, की मनात काही आलं की ओठ हलतात. म्हणून ती समोर असली, की मी ते मनातसुद्धा येऊ देत नाही. येईलसं वाटलं, की काहीतरी बडबडत सुटते, कचेरीतलं, शेजाऱ्यांचं, काहीही. आई ऐकून घेते. मध्येच म्हणते, "दमलीस तर थांब ग," आणि दुसरीकडे बघते.